वाचकांचे प्रश्न : दाणा वरून वाळलाय, पण आतून वाळलाय का?

मागच्या अंकात मी मक्याबद्दल फक्त एक ओळ लिहिली होती, की ओलावा 14 टक्क्यांच्या वर असेल तर मका पोत्यात किंवा कोठीत बंद करू नका. त्या एका ओळीवर इतके प्रश्न आलेत की यावेळचं सगळं सदर मक्यालाच दिलंय. सारखे प्रश्न एकत्र केलेत, कोणाचा राहिला असेल तर पुन्हा लिहा.

प्रश्न : ताई, ताटं पूर्ण पिवळी पडलीत, कणसं वाळलेली दिसतात, दाणा दाताखाली कडक लागतो. मग मळणी करून सरळ पोती भरायला काय हरकत आहे? आणि ते 14 टक्के 14 टक्के म्हणतात ते ओळखायचं कसं, आमच्याकडे मीटर नाही.

उत्तर : हरकत आहे, आणि चांगली मोठी आहे. ताट पिवळं पडलं म्हणजे झाडाचं काम संपलं एवढंच. कणसाच्या मधला एक दाणा उपटून बघा, त्याचं टोक, म्हणजे जिथे तो कणसाला चिकटलेला असतो ती जागा, नखाने जरा खरवडा. तिथे काळी रेघ दिसली की दाणा पक्व झाला, आता झाडाकडून त्यात काही भरायचं राहिलं नाही. पण त्या दिवशी त्याच दाण्यात 30 ते 35 टक्के पाणी असतं. म्हणजे पक्व झाला आणि वाळला या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि दोन्हीच्या मध्ये बरेच दिवस जातात.

दाताचा भरवसा मीही एका वर्षी धरला होता. दाणा कट्ट वाजला, मी म्हटलं झालं, पोती भरली, तोंडं शिवली, थप्पी मारली आणि दुसऱ्या कामाला लागले. तीन आठवड्यांनी त्या खोलीचं दार उघडलं तर कुबट, जरासा आंबूस वास आला. एका पोत्याची शिवण उसवून कोपरापर्यंत हात आत घातला तर आत ऊब, अगदी कोणी आत्ताच अंथरुणातून उठून गेलंय आणि आपण तिथे हात ठेवलाय तशी. मूठ बाहेर काढली तर दाणे एकमेकांना चिकटून ढेकूळ होऊन आले, आणि फोडून बघितलं तर प्रत्येक दाण्याच्या कोंबाच्या जागी निळसर हिरवं काहीतरी. पोत्याचं तोंड उघडल्यावर वरचे दाणे मात्र पिवळेधमक, एकही डाग नाही. त्या दिवसापासून मी बघून किंवा चावून काही ठरवत नाही.

होतं काय, दाणा बाहेरून आत वाळतो. साल आधी कडक होते आणि दाताला तेवढंच कळतं, पाणी मात्र कोंबाच्या आसपास बसलेलं असतं. दाणा जिवंत आहे, तो श्वास घेतो, श्वास घेतला की उष्णता आणि पाणी दोन्ही सोडतो, त्यावर बुरशी वाढते, बुरशी पण श्वास घेते, आणखी उष्णता, आणखी पाणी, आणि पोतं बंद असल्यामुळे ते जाणार कुठे. ढोबळ हिशोब असा की टेंपरेचर 5-6 अंशांनी वाढलं की मका टिकायचे दिवस निम्मे होतात. म्हणून ओला मका एका रात्रीसाठी सुद्धा ढिगात किंवा पोत्यात ठेवू नका, जागा नसेल तर काढणीच दोन दिवस पुढे ढकला.

आता मीटर नसेल तर काय. एक साधी मिठाची टेस्ट आहे. कोरडी ठणठणीत काचेची पारदर्शक बाटली घ्या, साधारण 750 मिलीची, एक तृतीयांश मक्याने भरा, त्यात दोन-तीन मोठे चमचे मीठ टाका पण मीठ अगदी कोरडं, शंका असेल तर आधी तव्यावर गरम करून गार करून घ्या. बूच लावून एक मिनिट जोरात हलवा, पंधरा मिनिटं तशीच ठेवा. काचेला आतून मीठ चिकटलं तर ओलावा 15 टक्क्यांच्या वर आहे, अजून वाळवा. चिकटलं नाही, मीठ खाली सुटं पडलं, तर 15 च्या खाली आलाय. एवढंच सांगते ती टेस्ट, 14 आहे का 12 ते नाही सांगत. म्हणून ती पास झाल्यावर पण मी आणखी एक-दोन कडक उन्हं देते. थोड्या दिवसांत संपणार असेल तर 14 चालतो, पाच-सहा महिने आणि वर राहणार असेल तर 13, आणि जिथे हवा कायम गरम तिथे त्याच्याही खाली आणलेला बरा.

मीटर असेल त्यांच्यासाठी एक सांगते, ढिगाच्या वरून मूठभर घेऊन मोजू नका. चार-पाच ठिकाणांहून, तळातून पण, दाणे घ्या, एकत्र करा, मग मोजा. आणि नुकताच उन्हातून किंवा ड्रायरमधून काढलेला गरम दाणा मीटरला फसवतो, वरची साल कोरडी असते म्हणून आकडा कमी दाखवतो. तोच नमुना झाकणाच्या डब्यात रात्रभर ठेवून सकाळी मोजा, आतलं पाणी बाहेर येऊन आकडा एक-दोन टक्के वर गेलेला दिसेल. खरा आकडा तो.

प्रश्न : आम्ही ताडपत्रीवर मका पसरतो, चार दिवस झाले तरी हवा तसा वाळत नाही. काय चुकतंय?

उत्तर : थर किती जाड घालताय ते तुम्ही लिहिलं नाहीये पण मला वाटतं तिथेच गोम आहे. सुटे दाणे पसरताना थर जास्तीत जास्त 5 सेंटीमीटर, त्याहून पातळ जमला तर अजून चांगलं, आणि दर तासाला तरी दाताळं फिरवायचं. जाड थरात वरचे दाणे भाजून निघतात आणि खालचे ओलेच, कारण खालच्याचं पाणी वर येऊन वरच्या थरातच अडकतं. सकाळी दव उडल्यावरच पसरा. संध्याकाळी ऊन उतरायच्या आत गोळा करून झाका, नाहीतर दिवसभरात गेलेलं पाणी रात्री दवातून परत येतं. आणि गोळा करताना लगेच पोत्यात कोंबू नका, गार होऊ द्या, गरम दाणा बंद केला की आत घाम धरतो.

दुसरी गोष्ट हवेची. उन्हापेक्षा हवेतली आर्द्रता जास्त महत्त्वाची आहे हे लक्षात घेतलं जात नाही. आर्द्रता 70 टक्क्यांच्या आसपास असेल तर मका साधारण 14 पर्यंत येऊन थांबतो. दिवस-रात्र 80 च्या वर असेल तर तुम्ही आठवडाभर पसरा, तो 15-16 च्या खाली जाणारच नाही, उलट वाळलेला असेल तर हवेतून पाणी ओढून घेईल. अशा हवेत ताडपत्रीवर जीव काढण्यापेक्षा कणसं सोलून हवेशीर जागेत तशीच ठेवावीत (पुढच्या उत्तरात लिहिलंय), किंवा गरम हवेचा ड्रायर मिळत असेल तर तो वापरावा. ड्रायरचं टेंपरेचर मका कशाला हवाय त्यावर ठरवा, बियाण्याचा असेल तर दाणा 43 अंशाच्या वर तापता कामा नये, कोंब मरतो, दळायचा असेल तर 60 च्या आत ठेवा. घाईघाईत जास्त तापवला की दाण्याला आतून बारीक चिरा जातात, उजेडासमोर धरलात तर दिसतात, आणि मग कोठीत ओतताना तोच दाणा फुटतो.

प्रश्न : मळणी न करता कणसंच साठवली तर चालतात का? किती दिवस?

उत्तर : चालतात, आणि ओल्या हवेत तर मला तोच मार्ग जास्त आवडतो. कणसावरची पानं मात्र काढायचीच, ती पाणी धरून ठेवतात आणि किड्यांना लपायला जागा देतात. ओला दाणा मळणी यंत्रात घातला तरी फुटतो, 18 टक्क्यांपर्यंत उतरला की मगच मळणी करावी, आणि फुटलेला दाणा अख्ख्यापेक्षा कितीतरी लवकर बुरसतो कारण त्याच्यावर साल नाही. कणसात दाणे जागच्या जागी बसलेले असतात, कणसाकणसात फटी राहतात, वारा खेळतो.

त्यासाठी लाकडाची किंवा जाळीची उभी, अरुंद कोठी करतात, इंग्रजीत तिला क्रिब म्हणतात. यात सगळ्यात महत्त्वाची गोष्ट रुंदी. दमट हवेत रुंदी 60 सेंटीमीटर, बस, त्याच्या वर नाही, हवा कोरडी असेल तर मीटर दीड मीटरपर्यंत चालते. लोक काय करतात की जास्त माल बसावा म्हणून रुंद करतात आणि मग बरोबर मधली कणसं काळी पडतात कारण वारा तिथपर्यंत पोचतच नाही. जास्त माल असेल तर कोठी लांब करा, रुंद नको. लांब बाजू वाऱ्याच्या समोर यायला हवी, वर छप्पर चांगलं बाहेर काढलेलं, तळ जमिनीपासून मीटरभर उंच, आणि प्रत्येक खांबाला पत्र्याचा उलटा शंकू, उंदीर खांबावरून चढतो आणि त्या शंकूखाली अडकून परत फिरतो. जवळ झाडाची फांदी किंवा टेकवलेली शिडी असेल तर मात्र शंकूचा उपयोग शून्य. अशा कोठीत 30 टक्क्यांचं कणीस सुद्धा टाकता येतं आणि ते हळूहळू आपोआप वाळत राहतं. वाळलं की मळणी, मग दाणे पुन्हा एकदा उन्हात, मग कायमची साठवण.

प्रश्न : 20 टक्के ओलाव्याचा 100 किलो मका वाळवून 14 टक्क्यांवर आणला, मोजला तर 93 किलो. 6 टक्के पाणी गेलं तर 94 यायला हवा होता ना? एक किलो कुठे गेला?

उत्तर : कुठेही गेला नाही, गणित तसंच आहे. 100 किलोत 20 किलो पाणी, म्हणजे कोरडा मका 80 किलो, तो बदलत नाही. वाळल्यावर हेच 80 किलो एकूण वजनाचे 86 टक्के व्हायला पाहिजेत, 80 भागिले 0.86, उत्तर 93 किलो. तुमचं वजन अगदी बरोबर आहे.

आणि याच हिशोबाचा एक फार चांगला उपयोग आहे बघा. एकदाच कुठूनतरी ओलावा मोजून आणा. त्या मक्यातला बरोबर 10 किलो जाळीच्या पिशवीत भरा आणि बाकीच्या मक्याबरोबर रोज वाळत ठेवा, पसरा, भरा, सगळं त्याच्यासारखंच करा. सुरुवातीला 20 टक्के असेल तर ती पिशवी 9 किलो 300 ग्रॅमवर आली की तुमचा सगळा मका 14 वर आला. 25 टक्क्यांपासून सुरुवात असेल तर 8 किलो 720 ग्रॅम. रोज संध्याकाळी काट्यावर ठेवायची, मीटर पुन्हा लागत नाही.

प्रश्न : थोड्या मक्याला बुरशी आली. धुऊन, उन्हात वाळवून जनावरांना घातला तर चालेल ना? फेकवत नाही हो.

उत्तर : नाही, कृपा करून नका घालू. तुमचा जीव तुटतो ते मला कळतंय, माझाही तुटला होता, पण यावर मी मवाळ उत्तर देऊ शकत नाही. मक्यावर ॲस्परजिलस नावाची बुरशी येते, तिला 25 ते 35 अंशाची ऊब आवडते, आणि ती अफ्लाटॉक्सिन नावाचं विष तयार करते. हे विष लिव्हरवर जातं, त्याने कॅन्सर होतो हे सिद्ध झालेलं आहे. धुतल्याने बुरशीची पावडर जाते, उन्हात ती मरते, पण विष दाण्यात राहतं, शिजवल्यावर पण राहतं. गाई-म्हशींनी खाल्लं तर दुधात उतरतं, म्हणजे फिरून घरातल्या लहान मुलांच्याच पेल्यात.

2004 साली पूर्व केनियात लोकांनी ओलसर मका घरात साठवला आणि तोच खाल्ला, 317 लोक आजारी पडले आणि त्यातले 125 गेले. ती सगळी तुमच्या-माझ्यासारखीच शेतात पिकवून घरात साठवणारी माणसं. गुलाबी किंवा पांढरट बुरशी दिसली तर ती बहुतेक फ्युजेरियम, तिचं विष वेगळं, घोड्यांच्या मेंदूवर जातं आणि घोडा दगावतो.

चांगल्या मक्यात मिसळून खपवणं तर अजिबात नको, त्याने चांगला पण वाया जातो. काळे, फुटके, सुरकुतलेले, किडलेले दाणे निवडून बाजूला काढले तर विषाचं प्रमाण बरंच कमी होतं हे खरं, पण डोळ्यांना स्वच्छ दिसणाऱ्या दाण्यातही ते असू शकतं, म्हणून शंका असलेला माल तपासणीला पाठवा आणि रिपोर्ट येईपर्यंत कोणालाच घालू नका, कोंबड्यांना पण नाही.

प्रश्न : मका खडखडीत वाळवला होता, 12 टक्के, मीटरने मोजून. तरी दोन महिन्यांत सोंडे झाले. आले कुठून?

उत्तर : शेतातूनच आले. सोंड्याची मादी दाण्याला बारीक भोक पाडते, आत एक अंडं घालते आणि वरून चिकट पदार्थाने बूच लावून टाकते, त्यामुळे बाहेरून काही दिसत नाही. अळी आतल्या आत दाणा खात वाढते आणि 27 अंशाच्या आसपास साधारण पाच आठवड्यांनी गोल भोक पाडून भुंगा बाहेर येतो. भोक पडलेला दाणा ब्लेडने उभा कापून बघा एकदा, आत पोकळ खोली आणि पांढरा भुसा, दाण्याचं नुसतं टरफल राहिलेलं. म्हणजे तुम्ही पोती भरलीत तेव्हा ते आतच होते. वाळवल्याने सोंडे कमी वाढतात पण थांबत नाहीत. उन्हात टाकले की मोठे किडे पळून जातात आणि आपल्याला वाटतं गेले, आतली अंडी तशीच.

यावर मला सगळ्यात खात्रीचा वाटतो तो हवाबंद पिशव्यांचा उपाय. बाहेरून साधं विणलेलं पोतं आणि आत जाड प्लास्टिकच्या एक किंवा दोन पिशव्या. आतले किडे आणि दाणे मिळून हवेतला ऑक्सिजन वापरून संपवतात, काही दिवसांत तो 5 टक्क्यांच्या खाली जातो आणि किडे खायचं बंद करतात. कोरड्या दाण्यात राहणाऱ्या किड्याला पिण्याचं पाणी नसतं, तो अन्न आणि ऑक्सिजनपासून शरीरातच पाणी बनवतो, ऑक्सिजन गेला की तो वाळून मरतो. औषध काही लागत नाही. फक्त भरायच्या आधी पिशवी फुगवून भोक आहे का बघा, भरताना दाबून दाबून हवा काढा, प्रत्येक पिशवीचं तोंड वेगळं पिळून दुमडून घट्ट बांधा, आणि उगाच उघडून बघू नका, उघडलं की नवीन ऑक्सिजन आत. ओला मका मात्र यात चुकूनही नको, आंबून दारूसारखा वास मारतो.

बऱ्याच जणांनी गोळ्या टाकण्याबद्दल विचारलंय. त्या फॉस्फिनच्या गोळ्यांतून निघणारा गॅस माणसाला मारतो आणि तो भिंतीच्या फटीतून पलीकडच्या खोलीत जातो. राहत्या घरात, झोपायच्या जागेशेजारी त्या वापरायच्या नाहीत. वापरायच्याच असतील तर ट्रेनिंग घेतलेल्या माणसाकडून, वेगळ्या बंद जागेत.

प्रश्न : पत्र्याच्या मोठ्या कोठीत मका आहे. छप्पर गळत नाही, तरी वरचा थर ओला होऊन कडक पापडी झाली. आत उतरून फोडू का?

उत्तर : आधी शेवटच्या वाक्याचं उत्तर, उतरू नका. पापडीच्या खाली मका काढून घेतलेला असेल तर तिथे पोकळी असते, पाय ठेवला की पापडी तुटते आणि माणूस दाण्यात जातो. खालून माल सुटत असताना तर काही सेकंदांत कमरेपर्यंत रुततो आणि एकदा रुतलं की स्वतःहून निघता येत नाही, दुसऱ्याने ओढूनही निघत नाही इतका दाब असतो. बाहेर उभं राहून लांब बांबूने फोडा, खालचं दार बंद ठेवा, आणि जवळ दुसरं माणूस असू द्या.

आता ते पाणी आलं कुठून. बाहेर गारठा पडला की पत्र्याला लागून असलेला मका गार होतो आणि मधला गरमच राहतो. कडेची गार हवा खाली जाते, मधली गरम हवा पाणी घेऊन वर चढते, वरच्या गार थराला आणि पत्र्याला लागली की तिचं पाणी होऊन तिथेच पडतं. म्हणून 13 टक्क्यांचा मका पण वरून भिजतो. उपाय म्हणजे ऋतू बदलताना फॅनने हवा खेळवून सगळा मका एकसारखा गार करणं. फॅन नसेल तर कोठी भरल्यावर वरचा उंचवटा सपाट करा, आणि मधून थोडा मका खालून काढून घ्या कारण ओतताना चुरा आणि कचरा बरोबर मध्ये साचतो आणि हवा तिथेच अडते. दर पंधरा दिवसांनी वरचं झाकण उघडून वास घ्यायचा. नाकाला जे आधी कळतं ते डोळ्यांना नंतर.

प्रश्न : घरी लाह्यांचा मका लावला होता, तुमचं ऐकून भरपूर वाळवला, आता फुटतच नाही!

उत्तर : अरेरे, याबद्दल मी आधीच लिहायला हवं होतं. लाह्यांच्या मक्याला आत पाणी लागतंच, त्याचीच वाफ होऊन दाणा फुटतो, 13 ते 14.5 टक्क्यांच्या मध्ये चांगला फुटतो आणि तुमचा त्याच्या खाली गेलाय. वाया गेलेला नाही. लिटरभराची बरणी पाऊण भरा, एक मोठा चमचा पाणी घाला, झाकण लावून दर पाच-दहा मिनिटांनी हलवत राहा, पाणी सगळं शोषलं जाईपर्यंत. मग दोन-तीन दिवस तशीच बंद ठेवा आणि मूठभर फोडून बघा. नाही फुटला तर आणखी अर्धा चमचा पाणी आणि आणखी दोन दिवस. फुटायला लागला की बरणीचं झाकण घट्ट ठेवा, म्हणजे तेवढाच ओलावा टिकून राहील.